नाचायला नाव लागतं

एक साधा प्रश्न विचारते. तुम्ही पुण्यात, रस्त्यावर, शेवटचं कधी नाचलात?

बहुतेकांची उत्तरं तीन-चारच असतील. विसर्जन मिरवणूक. भावाची किंवा मित्राची वरात. भारतानं वर्ल्ड कप जिंकला ती रात्र, गुडलक चौकात. वारीत पावली खेळला असाल तर तेही. आता प्रश्न थोडा बदलते. यातलं काहीच नसताना, एखाद्या साध्या मंगळवारी, नुसतं नाचावंसं वाटलं म्हणून कधी नाचलात? बाई असाल तर याचं उत्तर द्यायला बहुधा फार वेळ लागणार नाही.

आपण हे लाजेवर किंवा स्वभावावर ढकलतो. "आपल्याला नाही बुवा असं जमत." पण लाजेलाही इतिहास असतो. पुण्यासारख्या शहरात नाचायला कधी सरसकट बंदी नव्हती आणि कधी सरसकट परवानगीही नव्हती. कोण नाचतंय, पाहतंय कोण, आणि कशाच्या नावानं नाचतंय, यावर सगळं ठरत आलं. या तीन प्रश्नांची उत्तरं गेल्या दोनशे वर्षांत कशी बदलली, ते या लेखात थोडक्यात मांडते.

दाराआडचा नाच

पहिला गैरसमज आधी बाजूला ठेवू. "आमच्या घरात बायका कधी नाचल्या नाहीत" असं पेठांतली जुनी घरं अभिमानानं सांगतात. ते खरं नाही. श्रावणातल्या मंगळवारी नव्या नवरीची मंगळागौर जागवायची म्हणजे रात्रभर झिम्मा, फुगडी, पिंगा, गोफ, सूपनाच. हे खेळ ज्यांनी खेळलेत त्यांना विचारा, दमसास लागतो. आश्विनात भोंडला, पाटावरच्या हत्तीभोवती फेर. नाव "खेळ" असलं तरी ताल, फेर, पदन्यास, गाणं सगळं आहे. तो नाचच आहे.

फरक एवढाच, की पाहायला कुणी नाही. वाड्याच्या माजघरात, बायका-बायकांत. शरीर मोकळं सोडायची मुभा आहे, पण परक्या नजरेपुढे नाही. आणि त्यातही नाचायला नाव लागतंच: गौरीचं, भुलाबाईचं, व्रताचं. "आज मजा म्हणून फुगड्या घालू" असं नाही.

म्हणजे तथाकथित घरंदाज बाईला नाच होता, पाहणारा नव्हता. याच्या बरोबर उलट अवस्थेत याच शहरात दुसऱ्या बायका होत्या.

पाहणाऱ्याचा नाच

पेशवाईच्या उत्तरार्धात, विशेषतः दुसऱ्या बाजीरावाच्या काळात, पुणं लावणीचं मोठं केंद्र होतं. राम जोशी, होनाजी बाळा, प्रभाकर, सगनभाऊ ही शाहिरांची नावं आपण शाळेत शिकतो. नाचणाऱ्यांची नावं मात्र शिकत नाही. त्या काळच्या तमाशात अनेकदा बाईच्या वेशातला मुलगा, म्हणजे नाच्या पोऱ्या नाचायचा. कलावंतिणी आणि नाटकशाळांतल्या बायका वेगळ्या. या बायका कुठून आल्या, हा प्रश्न अवघड आहे आणि त्याचं उत्तर फारसं सुखाचं नाही.

पेशव्यांच्या राज्यात कुणबिणी, म्हणजे गुलाम स्त्रिया, विकल्या आणि विकत घेतल्या जात. या व्यवहारावर सरकार जकातही घेई. व्यभिचाराचा आरोप आलेल्या बाईला शिक्षा म्हणून कुणबीण केल्याची प्रकरणं कागदपत्रांत आहेत. या कुणबिणींची नेमणूक सरकारी कोठारांत, तबेल्यांत, घरकामाला व्हायची आणि नाटकशाळेतही. पुण्यात अनेक वर्षं स्त्री-अभ्यासाचं काम उभं करणाऱ्या समाजशास्त्रज्ञ शर्मिला रेगे यांनी लावणीबद्दल लिहिताना नेमका हा दुवा दाखवला. लावणीतली रसरशीत, सदैव इच्छुक स्त्री ही नुसती कवीची कल्पना नव्हती. खालच्या जातींतल्या बायकांचं श्रम आणि शरीर आपल्या हक्काचं आहे असं मानणाऱ्या व्यवस्थेला ती प्रतिमा सोयीची होती.

थोडं थांबून ही जोडी बघा. एकाच शहरात, एकाच शतकात, एका बाईच्या नाचाला कुणी पाहू नये असा नियम. दुसरीच्या नाचाला कोण पाहील हे ठरवायचा तिला हक्क नाही. दोन्ही नियम एकाच व्यवस्थेचे. पहिलीची इज्जत टिकायची तर "तशी" म्हणून दाखवायला दुसरी कुणीतरी लागते.

पुढे एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तमाशाच्या बोर्डावर बायका उभ्या राहिल्या. पवळा हे त्यांतलं सगळ्यात गाजलेलं नाव. ती महार समाजातली, आणि तिच्यासाठी लावण्या रचणारे पठ्ठे बापूराव हे जन्मानं ब्राह्मण, मूळ नाव श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी. या जोडीवर लोकांनी जीव ओवाळला आणि बहिष्कारही घातला. पुण्यातलं आर्यभूषण थिएटर तमाशासाठी प्रसिद्ध झालं. तिकीट काढून आलेल्यांत सगळ्या थरांतले पुरुष असत. नाव मात्र बदनाम व्हायचं ते स्टेजवरच्या बाईचं, खुर्चीवरच्या पुरुषाचं नाही.

स्वातंत्र्याच्या आगेमागे बाळासाहेब खेर यांच्या सरकारनं तमाशावर बंदी घातली. मग तमाशा "सुधारण्यासाठी" समिती नेमली, अध्यक्ष पुण्याचे इतिहासकार दत्तो वामन पोतदार. तमाशा परत आला, पण शब्द, हावभाव आणि प्रयोग तपासून घेण्याच्या अटीवर. शैलजा पाईक यांनी २०२२ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या इंग्रजी पुस्तकात तमाशातल्या दलित स्त्रियांच्या जगण्याचा इतिहास लिहिलाय. "अश्लील" हा शब्द वर्णन करत नाही, तो जागा दाखवून देतो, हे त्या वाचनातून माझ्या मनात पक्कं बसलं. तीच हालचाल एका बाईनं केली की कला, दुसरीनं केली की अश्लील.

रस्ता कुणाचा?

आता वाड्यातून आणि थिएटरातून रस्त्यावर येऊ. रस्त्यावर नाचायचा परवाना मुख्यतः पुरुषांकडे होता. त्याचाही इतिहास गमतीशीर आहे.

पुण्याच्या रस्त्यावरचा सामूहिक नाच म्हटला की आज गणपती आठवतो. पण १८९३ च्या आधी या शहरातला एक मोठा रस्त्यावरचा उत्सव मोहरम होता, आणि त्यात हिंदू मोठ्या संख्येनं सामील व्हायचे. ताबुतांबरोबर गाणाऱ्या-नाचणाऱ्या टोळ्या निघत. त्यात कारागीर आणि कष्टकरी जातींतले लोक विशेष असायचे. १८९३ च्या दंगलींनंतर वातावरण फिरलं. १८९४ मध्ये मोहरमवर बहिष्कार घालायचं आवाहन झालं आणि त्याच काळात सार्वजनिक गणेशोत्सव आकाराला आला. त्याचा एक मुख्य भाग होता मेळे: एकसारख्या पोशाखातली मुलं-तरुण, हातात काठ्या किंवा लेझीम, पावलांचा ठेका आणि पद्यं. टोळी आणि मेळा यांतलं साम्य अभ्यासकांनी दाखवून दिलंय. नाच तोच राहिला, त्याचं नाव बदललं.

नाव बदललं की परवानगीही बदलते. मोहरममध्ये नाचणारा कारागीर सुशिक्षित पुण्याच्या दृष्टीनं अडाणी होता. मेळ्यात नाचणारा विद्यार्थी देशभक्त झाला. इंग्रज सरकारनं मेळ्यांच्या पद्यांवर पाळत ठेवली तेव्हा तर त्याला आणखी तेज आलं. १९२० च्या दशकात केशवराव जेधे आणि दिनकरराव जवळकर यांच्या ब्राह्मणेतर वर्तुळातून छत्रपती मेळा निघाला आणि त्याच रस्त्यावर, त्याच ठेक्यावर, वेगळा दावा मांडू लागला. रस्त्यावर नाचणं म्हणजे "हा रस्ता आमचाही आहे" असं सांगणं असतं. म्हणून त्यावर इतकी भांडणं होतात.

बायका या चित्रात कुठे होत्या? गॅलरीत. रस्त्याच्या कडेला. पाहणाऱ्यांत.

एक अपवाद मात्र जुना आणि ठळक आहे: वारी. ज्येष्ठ-आषाढात ज्ञानोबा-तुकोबांच्या पालख्या पुण्यात मुक्कामाला येतात, एक भवानी पेठेतल्या पालखी विठोबाला, एक नाना पेठेतल्या निवडुंग्या विठोबाला. तेव्हा साठी उलटलेल्या आज्या भर रस्त्यात फुगड्या घालतात आणि कुणी भुवया उंचावत नाही. जनाबाईच्या नावावरच्या अभंगात डोईचा पदर ढळला तरी पर्वा न करता बाजारातून जाणारी बाई आहे. त्या बाईला समाजानं सातशे वर्षं डोक्यावर घेतलंय, कारण ती विठोबाच्या नावानं चाललीय. पालखी पुढे सरकली की त्याच आजीच्या सुनेला रस्त्यावर जरा मोठ्यानं हसणंही महाग पडतं.

"नाच" नव्हे, "नृत्य"

१९४७ साली पुण्यात एक वेगळी गोष्ट घडली. फर्ग्युसनमधून नुकत्याच पदवीधर झालेल्या, पंचविशीही न गाठलेल्या रोहिणी भाटे यांनी "नृत्यभारती" ही कथक शिकवणारी संस्था सुरू केली. ज्या शहरात चांगल्या घरच्या मुलीचं पाय वाजवणं म्हणजे बदनामी होती, तिथे आईबापांनी स्वतः मुलीचा हात धरून तिला घुंगरू बांधायला नेऊ लागणं हा मोठा बदल होता. पिढ्यान्‌पिढ्या मुलींना त्यामुळे एक गोष्ट मिळाली जी मंगळागौरीत नव्हती: लोकांसमोर नाचणं आणि मान खाली न घालणं.

पण ही मोकळीक कशी मिळाली तेही पाहायला हवं. शास्त्र, साधना, गुरू, संस्कृत ग्रंथ, परीक्षा, पुढे ललित कला केंद्रात विद्यापीठाची पदवी. ही नाचाची नवी नावं होती. हे फक्त पुण्यात घडत नव्हतं. १९३६ मध्ये मद्रासला रुक्मिणीदेवींनी कलाक्षेत्र सुरू केलं. १९४७ मध्ये मद्रासचा देवदासी प्रतिबंधक कायदा आला. जो नाच देवदासी कुटुंबांनी सांभाळला होता तो वरच्या जातींच्या मुलींसाठी प्रतिष्ठित झाला, आणि ज्यांनी सांभाळला त्यांच्या पोटावर पाय आला. पुण्यात नृत्यभारती उभी राहत होती त्याच सुमारास तमाशावर बंदी येत होती. या दोन घटनांत कुणी कट केला नव्हता. पण "नृत्य" वर जायचं तर "नाच" खाली राहावा लागतो, हा हिशेब दोन्हीकडे एकच होता.

यात रोहिणीताईंना उणं लेखण्याचा हेतू नाही. त्यांना शिस्तीतल्या नृत्याइतकंच मोकळ्या नाचाचं आकर्षण होतं याचा पुरावा आपल्या हाती आहे. त्यांनी इझाडोरा डंकनचं आत्मचरित्र "मी इझाडोरा" या नावानं मराठीत आणलं. इझाडोरा म्हणजे बॅलेचे बूट आणि घट्ट पोशाख टाकून अनवाणी नाचणारी, शरीराला नियमांतून सोडवू पाहणारी बाई. तिची गोष्ट पुण्याच्या वाचकाला सांगितली ती कथकच्या गुरूनं. कधीतरी ग्रंथालयात सापडलं तर जरूर वाचा.

नाचणारे पुरुष आणि भिंतीआडचा नाच

पुरुषांनाही सगळं माफ होतं असं नाही. १६ डिसेंबर १९७२ ला भरत नाट्य मंदिरात "घाशीराम कोतवाल"चा पहिला प्रयोग झाला. विजय तेंडुलकरांचं नाटक, जब्बार पटेल यांचं दिग्दर्शन, भास्कर चंदावरकरांचं संगीत, कृष्णदेव मुळगुंदांची नृत्यरचना. डोलणाऱ्या ब्राह्मणांची रांग हाच त्या नाटकाचा पडदा. कीर्तनाचा ठेका कधी लावणीत जातो कळत नाही, आणि नाना फडणवीस स्वतः नाचतात. नाटकावर इतका गदारोळ झाला की एकोणीस प्रयोगांनंतर संस्थेनं ते थांबवलं. त्यातूनच १९७३ मध्ये थिएटर अ‍ॅकॅडमी निघाली आणि नाटक पुन्हा उभं राहिलं. आक्षेप इतिहासाच्या विपर्यासाचा होता, जातीच्या बदनामीचा होता. पण त्या रागाला आणखी एक बाजू असावी असं मला वाटतं: पाहणारा इथे नाचताना दाखवला होता. बावनखणीत जाऊन खुर्चीवर बसणारा माणूसच ठेक्यावर आला.

दोनच वर्षांनी, १९७४ मध्ये, कोरेगाव पार्कात रजनीशांचा आश्रम सुरू झाला. तिथे नाच हाच ध्यानाचा भाग होता. डोळे मिटून, कुठल्याही पदन्यासाशिवाय, बायका-पुरुष एकत्र. १९ जानेवारी १९९० ला ओशो गेले तेव्हा शिष्य त्यांचा देह गात-नाचत स्मशानाकडे घेऊन गेले. पुण्यानं हे सगळं बारकाईनं पाहिलं, त्यावर कुजबुज केली आणि "त्यांचं ते" म्हणून सोडून दिलं. भिंत, फाटक, प्रवेश, परदेशी माणसं. मोकळा नाच शहरात होता, पण शहरासाठी नव्हता.

कायद्यानं लिहून ठेवलेला हिशेब

इतका वेळ मी ज्याला "हिशेब" म्हणतेय तो अलिखित होता. २००५ मध्ये तो छापून आला.

त्या वर्षी आर. आर. पाटील गृहमंत्री असताना मुंबई पोलीस कायदा, १९५१ मध्ये दुरुस्ती झाली. हा कायदा पुण्यालाही लागू. कलम ३३ अ नुसार हॉटेलं, परमिट रूम आणि बिअर बारमधल्या नाचावर बंदी आली. लगेच पुढच्या ३३ ब मध्ये सूट होती: नाट्यगृहं, जिमखाने, क्लब आणि तीन किंवा अधिक तारांकित हॉटेलं. म्हणजे नाच तोच, पण तारे मोजायचे. बारमध्ये नाचणाऱ्या अनेक जणी पारंपरिक नाचणाऱ्या जातींतून आलेल्या होत्या. कमाई थांबली ती त्यांची.

उच्च न्यायालयानं २००६ मध्ये ही बंदी रद्द केली आणि सर्वोच्च न्यायालयानं १६ जुलै २०१३ ला तो निर्णय कायम ठेवला. श्रीमंतांसमोरचा नाच सभ्य आणि गरिबांसमोरचा अनैतिक, हे गृहीतक न्यायालयाला मान्य झालं नाही. राज्यानं २०१४ मध्ये सूट काढून सगळ्यांनाच बंदी करून पाहिली, मग २०१६ मध्ये नवा कायदा आणला. १७ जानेवारी २०१९ च्या निकालात त्यातल्याही अनेक अटी गळाल्या. चौदा वर्षं सरकार आणि न्यायालय एकाच प्रश्नावर भांडत होते: कुठल्या बाईनं, कुणासमोर नाचलं तर चालेल? बाईला काय हवंय हा प्रश्न त्यात फार मागे होता.

मग आज?

आज लक्ष्मी रोडवर शेकडो मुली कमरेला ढोल बांधून उभ्या असतात. ज्ञान प्रबोधिनी, रमणबाग अशा शाळांच्या पथकांनी रुजवलेली ही परंपरा आता शहरभर पसरलीय. ज्या रस्त्याकडे पणजी गॅलरीतून पाहायची, तिथे पणती मधोमध उभी राहून टोल देतेय. हा बदल लहान नाही, त्याला नावं ठेवणाऱ्यांतली मी नाही.

पण नीट बघा. पांढरा कुर्ता, फेटा, रांग, शिट्टी, महिनाभराचा सराव. हातात ढोल आहे, शिस्त आहे, बाप्पाचं नाव आहे. तीच मुलगी रात्री स्पीकरच्या भिंतीसमोर दोन्ही हात वर करून नाचली तर "पथकातली गुणी मुलगी" लगेच "कसली नाचतेय बघ" होते. आणि तिच्या शेजारी नाचणाऱ्या वस्तीतल्या पोरांचा नाच "हिडीस" ठरतो, तर लॉनवरच्या संगीतमध्ये तोच स्टेप, तेच गाणं, "काय धमाल केली मुलांनी!"

या सगळ्यातून मला एक निष्कर्ष काढता येतो. आपल्याकडे नाचावरचं बंधन हालचालीवर कधी नव्हतंच. ते नाचणाऱ्याच्या जातीवर, लिंगावर, खिशावर होतं, आणि त्यातून सुटायची वाट म्हणजे एखादं मोठं नाव: देव, देश, शास्त्र, शिस्त. ज्यांना अशी नावं सहज मिळतात त्यांना वाटतं आपण मोकळे आहोत. ज्यांना मिळत नाहीत त्यांच्यासाठी कायदा आणि "अश्लील" हा शब्द तयार असतो. म्हणून मोकळेपणानं नाचायचा प्रश्न फक्त "लोक काय म्हणतील" एवढा नाही. आपण स्वतः "लोक" असतो तेव्हा कुणाला काय म्हणतो, हाही त्याचाच भाग आहे.

शेवटी एक विनंती. नाचणाऱ्यांनी स्वतः लिहून ठेवलेलं फार थोडं सापडतं. दफ्तरात हुकूम, परवाने, खर्चाच्या नोंदी असतात, नाचताना काय वाटलं ते नसतं. तेव्हा घरातल्या आजीला, मावशीला, कामाला येणाऱ्या मावशींनाही, एकदा विचारा: "तू शेवटची मनापासून कधी नाचलीस? कुठे? कोण पाहत होतं?" उत्तर लिहून ठेवा, तारीख आणि जागा घालून. मंगळागौरीचा, मेळ्याचा, वरातीचा एखादा जुना फोटो असेल तर मागे नावं लिहा. आणखी पन्नास वर्षांनी कुणीतरी या विषयावर काम करायला बसेल, तेव्हा त्यांना हुकमांपेक्षा बरं काहीतरी हाताशी असेल.